मंगळवारचा रानपिंगळा

१

गुरुवारी सकाळी पावणेअकराला नौपाड्यातल्या 'रानध्वनी' संस्थेच्या कार्यालयात एक पत्र आलं. पत्र दोन पानी होतं आणि त्यात आरोप एकच होता. सोनटेकडीवरचा म्हणून समितीपुढे ठेवलेला रानपिंगळ्याचा आवाज सोनटेकडीवरचा नाही.

शीळफाट्याच्या पुढे, सोनवली गावाच्या डोक्यावर सोनटेकडी आहे. चाळीस एकर झाडी. ती तोडून तिथे गोदामं बांधायचा प्रस्ताव होता आणि वृक्षतोडीला परवानगी द्यायची की नाही, हे ठरवणाऱ्या समितीची सुनावणी सोमवारी, नऊ मार्चला होती. संस्थेचं काम झाडांवर रेकॉर्डर बांधून जंगलाचे आवाज टिपायचं आणि त्यावरून तिथे कोण राहतं हे सांगायचं. समितीने त्यांना दहा दिवस दिले होते: एक ते दहा फेब्रुवारी. या दहा दिवसांत एका रेकॉर्डरवर रानपिंगळा बोलला. हे छोटं घुबड दिवसाउजेडी बोलतं. ते इतकं दुर्मीळ आहे की जिथे सापडेल तिथे कुऱ्हाड चालवणं अवघड होऊन बसतं.

गोदामवाल्यांच्या वकिलाचं म्हणणं असं. टेकडीला लागून खडीचा क्रशर आहे. तो सकाळी सातला सुरू होतो आणि चालू असला की संस्थेच्या रेकॉर्डिंगमध्ये त्याची घरघर सातपासून सतत ऐकू येते. पिंगळ्याचं रेकॉर्डिंग मंगळवार, दहा फेब्रुवारी, सकाळी सात ते आठचं आहे. त्यात घरघर नाही. क्रशरच्या नोंदवहीप्रमाणे त्या दिवशी तो सातपासून चालू होता. शिवाय त्या तासात दूरवर बायकांचं गाणं ऐकू येतं, जे बाकी कुठल्याच दिवशी नाही. सबब, हा आवाज दुसऱ्या जंगलातून आणलेला आहे.

साडेबाराला सरोज कर्णिकांनी कार्यालयात येऊन पत्र दोनदा वाचलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला. अठ्ठावीस वर्षं त्यांनी वीज कंपनीच्या भरारी पथकात काढली होती. बंद मीटर, उलटे फिरवलेले मीटर, काचेखाली घातलेली पट्टी, हे सगळं शोधायचं काम. निवृत्तीला दोन वर्षं झाली होती. उरलं होतं ते गुडघ्याचं दुखणं आणि कुणाचंही म्हणणं लगेच खरं न मानायची सवय.

"हे दुसरं," गुरुदत्त म्हणाले आणि त्यांनी एक टाइप केलेला कागद पुढे सरकवला.

गुरुदत्त सामंत संस्थेचे संस्थापक. महाविद्यालयात प्राणिशास्त्र शिकवून निवृत्त झालेले, वय सत्तरीला आलेलं, दोन्ही कानांत यंत्रं. कागदावर लिहिलं होतं: 'मी, महिपत पाटील, क्षेत्रीय मदतनीस, माझ्याकडून मेमरी कार्डांची अदलाबदल झाल्याचे मान्य करतो.' खाली सहीची जागा मोकळी होती.

"यावर सही झाली की महिपतचं काय होईल?" सरोजताईंनी विचारलं.

"त्याला काढावं लागेल. आणि ते लोक पोलिसांत खोट्या पुराव्याची तक्रार देणारच आहेत. त्यात त्याचं नाव जाईल."

"संस्थेचं जाणार नाही."

गुरुदत्तांनी कागद स्वतःकडे ओढून उलटा ठेवला.

"त्यानेच केलंय असं तुम्हाला वाटतं की माहीत आहे?"

"वाटतं. माहीत असतं तर तुम्हाला कशाला बोलावलं असतं?"

सोमवारला चार दिवस होते.

२

कार्ड कुणाच्या हातातून कसं जातं, हे सरोजताईंनी आधी विचारून घेतलं. सोनवलीचा महिपत झाडांवर रेकॉर्डर बांधतो आणि मुदत संपली की उतरवतो. कार्डं तो शीळफाट्यावर श्रियाला देतो. श्रिया प्रकल्पाचं काम बघते. ती कार्डांवरच्या फाइली बाळकुमला घरी उतरवून घेते आणि दुसऱ्या दिवशी कार्यालयात केदारला देते. केदार त्या तपासतो. कार्यालयाची किल्ली या दोघांकडे आणि गुरुदत्तांकडे असते. या चौघांखेरीज कुणी मध्ये येत नाही.

"फाइलची तारीख बदलता येते?"

"कुणालाही येते. फाइलच्या नावातच तारीख-वेळ असते, नाव बदललं की झालं," केदार म्हणाला. केदार वेलणकर तिशीचा, डोंबिवलीच्या एमआयडीसीजवळ राहणारा. डोळ्यांखाली काळं. "पण मला विचाराल तर कोणी बदललीच नसेल. बॅटरी पूर्ण उतरली की मशीनचं घड्याळ चुकतं. मग सगळ्या तारखा सरकतात. माझा अंदाज तोच आहे."

"मूळ फाइली वकिलाला कोणी दिल्या?"

"मीच. मूळ फाइली द्या असं समितीचं पत्र आलं त्याच दुपारी पेनड्राइव्हवर टाकून दिल्या. श्रिया त्या दिवशी रजेवर होती."

"देण्याआधी ऐकल्यास?"

"मूळ फाइली कोण ऐकतं, सरोजताई? नुसता गोंगाट असतो. आधी खालचे जाड आवाज कापून टाकतो आणि मग उरलेलं ऐकतो." तो खिडकीबाहेर बघत राहिला. "घरीही तेच. कारखान्यांची धूळ, आवाज. आई शुक्रवारची वाट बघत असते, गाद्या-चादरी वाळत घालायला."

गुरुदत्तांना त्यांनी एवढंच विचारलं, की तुम्ही स्वतः टेकडीवर जाता का?

"महिन्यातून एकदा. शुक्रवार गाठूनच. इतर दिवशी या कानांना तिथे काही ऐकू येत नाही. पक्ष्यांचे बारीक आवाज गेलेच आहेत, उरतात ते जाडे." त्यांनी डाव्या कानातलं यंत्र नीट बसवलं. "जे ऐकण्यात आयुष्य घालवलं ते आता केदारच्या संगणकावर बघतो."

श्रिया दुपारी आली. श्रिया गुप्ते, पस्तिशीची, खांद्यावर लॅपटॉपची जड पिशवी. पत्र तिने सकाळीच फोनवर वाचलं होतं.

"तू आवाज ऐकतेस की बघतेस?"

"बघते. आठ तासांच्या आवाजाचं चित्र वीस मिनिटांत बघून होतं. पिंगळ्याची हाक चित्रात वेगळी दिसते, लहान लहान कमानी एकापुढे एक. दिसली की तेवढंच ऐकायचं."

"आणि क्रशर?"

"तो चित्राच्या तळाला असतो. माणसं, गाड्या, मशीन, सगळं तिथेच. तो भाग कापलेला असतो, कामाचं काही नसतं त्यात."

"टेकडीवर जातेस?"

"सुरुवातीला झाडं ठरवायला गेलेले दोनदा. सोमवारी आणि मंगळवारी. आता वेळ कुठे मिळतो? शुक्रवार तर सगळा देणगीदारांच्या मीटिंगमध्ये जातो, घरूनच." ती थकल्यासारखी हसली. "महिपतदादा चांगला माणूस आहे हो. त्यांनी मुद्दाम नाही केलं."

"कोणी म्हटलं की त्याने केलं?"

श्रियाने टेबलावरच्या कागदाकडे पाहिलं. सरोजताईंनीही पाहिलं. कागद उलटा ठेवलेला होता.

३

शुक्रवारी सकाळी सव्वानऊला सरोजताई सोनवलीत उतरल्या. शीळफाट्यापासून रिक्षावाल्याने शंभर खड्ड्यांतून आणलं होतं आणि वाटेत प्रत्येक खड्ड्याला वेगळी शिवी दिली होती.

महिपत अंगणात उभा होता. पन्नाशीचा, काटक, बनियनवर शर्ट चढवत. त्याची बायको हौसाबाई ओट्यावर तांदूळ निवडत होती.

"या ताय. सरांनी पाठवलं ना? कागुद आनलाय काय?"

"कुठला कागद?"

"सही करायचा. सरांचा फोन आयलेला. बोलले, महिपत, सही कर, बाकी मी बगतो." तो खाली बघत म्हणाला. "मी बोललो, वाचून दाखवा. बोलले, सोमवारी दाखवतो."

"सोमवारी कशाला?" हौसाबाई सुपावरून नजर न काढता म्हणाली. "फाशी देल्यावर दाखवा ना."

"गप गं."

"का गप? आख्खा गाव बोलतंय, पाटलानं पाखरू चोरून आनलं. पाखरू काय खिशात घालून आनतंत?"

सरोजताई ओट्याच्या कडेला बसल्या. गुडघा सरळ केला. समोर टेकडी होती, पिवळी पडलेली, मधे मधे हिरवी. तिच्या उजव्या अंगाला डोंगर कापलेला दिसत होता आणि त्याच्या पायथ्याशी उंच पट्ट्यांचं एक यंत्र उभं होतं. सगळीकडे शांत होतं. कुठेतरी कोंबडा ओरडला.

त्यांनी घड्याळ पाहिलं. नऊ अठ्ठावीस.

"तो क्रशर ना?"

"तोच."

"सातला चालू होतो म्हणतात. बंद का?"

महिपतने त्यांच्याकडे जरा नवलाने पाहिलं, म्हणजे शहरातल्या बाईला इतकंही कळू नये.

"आज शुक्कर नाय का?"

सरोजताईंनी पुन्हा त्या यंत्राकडे पाहिलं. हे त्यांना माहीत होतं. दुसऱ्या कुणाहीपेक्षा जास्त माहीत होतं. वीज अपुरी होती त्या काळात कारखान्यांना आठवड्यातून एक दिवस वीजबंद असे, प्रत्येक पट्ट्याला वेगळा वार. डोंबिवली ते शीळ हा पट्टा शुक्रवारचा. वीज नंतर पुरेशी झाली, पण सुट्टी राहिली. त्या स्वतः या रस्त्यावर धाडीला यायच्या तेव्हा शुक्रवार टाळायच्या, कारण बंद मीटर सगळेच सारखे दिसतात.

पिंगळा ज्या तासात बोलला तो तास मंगळवारचा नव्हता.

४

"महिपत, पिंगळ्याचा आवाज तू ऐकलास?"

"टेकडीवर? लय वेला."

"तो नाही. रेकॉर्डिंगमधला. ज्यावरून हे सगळं झालं."

"मना कोन ऐकवतंय?" तो सरळपणे म्हणाला. त्यात तक्रार नव्हती. "मी कार्ड देतो. पुढचा ऑफिसात."

ज्या आवाजावरून भांडण चाललं होतं, तो ज्या माणसावर ढकलला जात होता त्याला तो कोणी ऐकवला नव्हता. सरोजताईंनी केदारकडून मूळ फाइल फोनवर घेतली होती. त्यांनी आवाज पूर्ण वाढवला आणि फोन सुपाशेजारी ठेवला.

आधी पानांची सळसळ. एक बुलबुल. मग ती हाक आली, गोल, स्पष्ट, थोड्या थोड्या अंतराने, कोणीतरी रिकाम्या बाटलीवर फुंकर घालावी तशी. महिपतने मान हलवली. "उंबराच्या झारावरची मशीन. चार नंबर. मांगं ढोली हाय, थंय बसतंय तो."

मग हाका थांबल्या आणि त्यांच्या मागे, फार लांबून, बायकांचा सूर आला. एक आवाज पुढे, बाकीच्या त्याच्या मागे.

हौसाबाईचा हात तांदळात थांबला.

"ही कमलाबाय हाय."

"कोण?"

"धवलारीन. आमच्यात लगनाला धवला गातात ना, ती. भटाच्या आदी ती लागते." तिने फोन उचलून कानाला लावला. "तेलवन चाललाय. नवरीला हलद लावतंत तवाचा. मांगं मीच हाय. माझा आवाज फाटलाय बग, आदल्या रातीपासून गात व्हते."

"कुणाचं लग्न?"

"माझे भावाचे पोरीचा," महिपत म्हणाला. "कर्ना लावलेला मांडवात. आख्ख्या टेकडीला ऐकू जेला असंल."

हौसाबाई आत गेली आणि पत्रिका घेऊन आली. गणपती, दोन मोर, आणि खाली ठळक अक्षरांत: हळद व विवाह, शुक्रवार दिनांक १३ फेब्रुवारी.

सरोजताईंनी पत्रिकेचा फोटो काढला. खात्रीसाठी दोन काढले.

"मशीन उतरवलीस कधी? दहालाच ना? मुदत दहापर्यंत होती."

"दहाला कसा उतरवनार? घरात लगीन. चवदाला उतरवली. पंदराला बाईंना देली शीलफाट्यावर." तो भिंतीकडे गेला. तिथे कॅलेंडर होतं. दुधाचे आकडे, गॅसची तारीख. चौदाच्या चौकोनात हौसाबाईच्या बारीक अक्षरात लिहिलं होतं: मशिन काडली.

"म्हणजे कार्डावर तेरा तारीख होती."

"असनारच. चालूच व्हती ती."

"हे तू ऑफिसात सांगितलंस?"

"बाईंना बोललो, चार दिस जास्ती राहिली. बोलल्या, ठीक हाय."

संस्थेच्या अहवालात फाइली दहा तारखेला संपत होत्या.

५

शनिवारी कार्यालय बंद होतं. केदारने उघडून दिलं आणि चहा मागवला. सरोजताईंनी त्याच्याकडून चार नंबरच्या रेकॉर्डरच्या सगळ्या मूळ फाइली मागितल्या, न कापलेल्या. रेकॉर्डर सकाळी सहा ते नऊ चालायचा, तासाला एक फाइल.

"सहा तारीख लाव. सात ते आठ."

घरघर नव्हती. सहा फेब्रुवारी, शुक्रवार.

"आता दहा. सहा ते सात."

घरघर नव्हती. क्रशर सुरू व्हायचा होता.

"सात ते आठ."

पिंगळा, बायका, शांतता.

"आठ ते नऊ."

फाइल उघडली त्याच क्षणापासून घरघर. जाड, अखंड, कानात बसणारी. केदारने चहाचा पेला खाली ठेवला.

"तुझं घड्याळाचं म्हणणं," सरोजताई म्हणाल्या. "घड्याळ चुकलं असतं तर सगळ्या फाइली सरकल्या असत्या. आठ ते नऊसुद्धा शांत असती. इथे एकच तास जागचा हललाय. तेरा तारखेचा एक तास उचलून दहा तारखेच्या त्याच तासावर ठेवला, आणि अकरापासूनच्या बाकी फाइली काढून टाकल्या. हे मशीन करत नाही. माणूस करतो."

"पण आवाज तर खरा आहे. टेकडीवरचाच आहे."

"हो. आवाज खरा आहे. वार खोटा आहे."

"मग कोणी?" केदारचा आवाज उतरला. "मी नाही. सर... सर असं करणार नाहीत."

"तुम्ही दोघंही नाही. महिपतही नाही. त्याच्या घरासमोर क्रशर आहे. शुक्रवारची सकाळ मंगळवारवर बसवायची बुद्धी त्याला होणार नाही, ती चोरी त्याला तिथूनच ऐकू आली असती. सर टेकडीवर शुक्रवारीच जातात, कारण त्या दिवशी क्रशर बंद असतो. तुझी आई शुक्रवारी गाद्या वाळत घालते. तारीख बदलायचीच असती तर तुम्ही तिघांनी मागचा शुक्रवार, सहा तारीख निवडली असती. तोही मुदतीतच होता, आणि कोणाला कधी कळलं नसतं. हे अशा माणसाने केलंय ज्याला इथला शुक्रवार माहीत नाही. जो आवाजाचा तळ कापूनच बघतो आणि ज्याने मुदतीच्या सगळ्यात जवळचा दिवस घेतला."

केदारने पडद्याकडे पाहिलं. पडद्यावर तेराव्या तारखेची सकाळ दहाच्या नावाने थांबलेली होती.

"ती मला दादा म्हणते," तो शेवटी म्हणाला. "माझ्यापेक्षा मोठी आहे तरी."

६

बाळकुमला श्रियाचं घर बाराव्या मजल्यावर होतं. रविवारी दुपारी चार वाजता खालच्या बागेत मुलांचा दंगा चालला होता. तिने दार उघडलं आणि सरोजताईंच्या हातातला पत्रिकेचा छापलेला फोटो पाहिला. काही विचारलं नाही. पाणी आणलं.

"क्रशर," सरोजताई म्हणाल्या. "शुक्रवारी बंद असतो."

"हे मला पत्र आल्यावर कळलं. म्हणजे, काहीतरी चुकलंय एवढं कळलं. काय ते नाही कळलं." ती समोर बसली. "सहा वर्षांत तीन टेकड्या गेल्या, सरोजताई. तिन्हींचे अहवाल मी लिहिले. चांगले होते. प्रत्येक वेळी समिती म्हणाली, उल्लेखनीय काम. मग झाडं तोडली."

सरोजताईंनी पत्रिकेचा फोटो दोघींच्या मध्ये ठेवला.

"पंधराला कार्डं मिळाली. दहापर्यंत काहीच नव्हतं. बुलबुल, कावळे, सातभाई. मग अकरा, बारा बघितलं, उगीच, झोप येत नव्हती म्हणून. आणि तेराला तो. पहिल्यांदा वाटलं डोळे फसवताहेत. तीन दिवस उशिरा बोलला तो. फक्त तीन दिवस. मुदतीबाहेरचं घेणार नाही असं समितीने आधीच लिहून दिलेलं. मी खोटा पक्षी आणला नाही. तो तिथे होता. मी फक्त..."

"तू फक्त त्याला तीन दिवस मागे नेलंस."

"हो."

"समितीला मुदतवाढ मागता आली असती."

"मागितलेली, मागच्या टेकडीला. उत्तर आलं तेव्हा तिथे पाया खणून झालेला."

खालून शिट्टीचा आवाज आला. सरोजताईंनी पाण्याचा पेला तसाच ठेवला. मीटर फिरवणारी माणसं त्यांनी शेकड्यांनी पाहिली होती. बहुतेकांकडे कारण असायचं आणि बहुतेक वेळा ते खरंही असायचं. त्याने काम सोपं व्हायचं नाही.

"महिपतच्या नावाचं ते पत्र. गुरुवारी ते उलटं ठेवलेलं होतं, तरी तुला माहीत होतं."

श्रियाने मान खाली घातली.

"टाइप मीच केलंय," ती म्हणाली. "सरांनी सांगितलं, मी केलं. त्याचं पूर्ण नाव विचारायला त्यालाच फोन केला. तो म्हणाला, कशाला हवंय बाई? मी म्हटलं, रेकॉर्डसाठी."

सरोजताईंनी पत्रिकेचा फोटो घडी करून पर्समध्ये ठेवला.

"उद्या अकराला सुनावणी आहे," सरोजताई उठत म्हणाल्या. "माझ्याकडे पत्रिका आहे, फाइली आहेत, हौसाबाई आहे. मी सांगितलं तर ते तुझ्याविरुद्ध सांगणं होईल. तू सांगितलंस तर महिपतच्या बाजूने होईल. फरक पडतो. फार नाही, पण पडतो."

"आणि टेकडी?"

"ते मला माहीत नाही."

दाराशी त्या गुडघा सरळ करायला थांबल्या. श्रियाने आधाराला हात पुढे केला. त्यांनी तो घेतला, कारण गुडघा खरंच दुखत होता.

७

सुनावणी ठाण्यात, एका सरकारी इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर झाली. पंखा एक, खुर्च्या बावीस, माणसं चाळीसच्या वर. महिपत आणि हौसाबाई भिंतीला टेकून उभी होती. महिपतने इस्त्रीचा शर्ट घातला होता, तोच बहुधा लग्नातला.

अकरा वाजून वीस मिनिटांनी श्रिया उभी राहिली. सहा मिनिटं बोलली. फाइलचं नाव कधी बदललं, कुठे बसून बदललं, कोणत्या फाइली पुसल्या, ते तारखांसह सांगितलं. महिपतचा यात कोणताही भाग नाही, हे दोनदा सांगितलं. दुसऱ्यांदा त्याचं पूर्ण नाव घेऊन.

गोदामवाल्यांचे वकील म्हणाले, सगळाच पुरावा रद्द करा.

अध्यक्षांनी पत्रिका हातात घेतली. पांढऱ्या केसांच्या, सावकाश बोलणाऱ्या बाई. त्यांनी रेकॉर्डिंग लावायला सांगितलं. त्या खोलीत पिंगळा बोलला आणि मग लांबून धवला आला. हौसाबाईने पदर तोंडाला लावला. हसू आवरायला की रडू, ते सांगता येत नव्हतं.

"तुम्ही महिपत पाटील?" अध्यक्षांनी विचारलं.

"हो."

"टेकडीवर हा पक्षी आहे?"

"हाय ना. पन त्याला तारीख कलत नाय, म्याडम."

कोणी हसलं नाही. अध्यक्षांनी काहीतरी लिहून घेतलं.

निर्णय पाऊण तासाने आला. दहा तारखेची फाइल रद्द. तेरा तारखेचा आवाज मुदतीबाहेरचा, म्हणून विचारात घेता येत नाही. मात्र तो सोनटेकडीवरचा असावा, अशी नोंद. संस्थेच्या वर्तनाबद्दल वेगळी चौकशी. अकरा मार्चपासून दहा दिवसांचं नवं रेकॉर्डिंग, कार्डं समितीच्या सीलमध्ये. तोवर झाड तोडायचं नाही. दहा दिवसांत काही निघालं नाही तर परवानगीचा मार्ग मोकळा.

श्रिया जिन्यात भेटली. तिने राजीनामा सकाळीच गुरुदत्तांना देऊन टाकला होता. महिपतसमोर ती थांबली. "दादा," एवढंच म्हणाली.

"जेवलात काय?" महिपतने विचारलं. ती नाही म्हणाली. "जेवा मंग आदी." त्याने माफ केलं की नाही हे त्याच्या चेहऱ्यावरून कळलं नाही, आणि श्रियाने विचारलंही नाही. ती खाली उतरून गेली.

रस्त्यावर ऊन चढलं होतं. गुरुदत्त महिपतजवळ आले.

"मी तुला न वाचता सही करायला सांगितलं," ते म्हणाले. "माझं चुकलं."

"बरा," महिपत म्हणाला.

"गावात मी स्वतः येऊन सांगतो. पंचांसमोर. लेखी हवं तर लेखी देतो."

"लेखी द्या. तोंडाचा आमच्यात कोनी धरत नाय," हौसाबाई म्हणाली.

"देतो. परवापासून मशिनी लावायच्या आहेत. करशील?"

महिपतने रस्त्यापलीकडे, रिक्षांच्या रांगेकडे बघितलं. सरोजताई दोन पावलं मागे उभ्या होत्या. आता घरी जावं, पाय वर करून पडावं, एवढंच त्यांच्या मनात होतं.

"लावीन," महिपत म्हणाला. "पन सील फुटंल, तवा मी थंय पायजे. काय आवाज हाय तो आदी मी ऐकनार. मंग तुमी."

गुरुदत्तांनी यंत्राला हात लावून कान पुढे केला. ऐकू आलं नाही म्हणून की आलं म्हणून, ते सरोजताईंना कळलं नाही. मग ते मागून आलेल्या केदारकडे वळले.

"केदार, एक हेडफोन जास्तीचा आणून ठेव," ते म्हणाले. "चांगल्यातला आण."